कपाटात राहिलेला माहितीपट

त्या गुरुवारी बाबांनी वाटाण्याच्या सूपमध्ये इतकं मस्टर्ड घातलं की मलाच ठसका लागला.

"तुझी जीभ आहे की बुटाचा तळवा?"

"तीस वर्षं लोकांच्या घरची करपलेली कॉफी प्यालोय. जिभेचं काय विचारतेस."

बाबांनी, म्हणजे तौनो किवेला यांनी, एकोणीस माहितीपट केले. त्यांचं सगळं संकलन रैली नावाची त्यांची सहकारी करायची. जाळी विणणाऱ्या दोन बहिणी, बंद पडत चाललेली गावची डेअरी, असले. आमच्या राहे गावाबाहेर ते फारसे कुणी पाहिले नाहीत. बाबांचा नियम एकच होता. ज्यांच्यावर माहितीपट केला, त्यांना तो आधी त्यांच्याच स्वयंपाकघरात चादरीवर दाखवायचा. प्रत्येक जण हो म्हणाला तरच बाहेर काढायचा. डेअरीतल्या म्हातारीने "माझी मान कोंबडीसारखी दिसते" म्हणून चार महिने अडवून धरलं. बाबा चार महिने तिच्याकडे कॉफीला जात राहिले.

विसावा आईवर होता, तिच्या आजारपणातल्या शेवटच्या हिवाळ्यावर. तिने आधीच होकार देऊन ठेवला होता. राहिले होते मी. पंधरा वर्षांची. चादरीवरचं चित्र संपलं तेव्हा मी काही न बोलता उठून गेले. बाबांनी रीळ कपाटात ठेवलं, त्याला आता सव्वीस वर्षं झाली होती.

सूप संपल्यावर ते म्हणाले, "रैलीने ते रीळ संगणकावर उतरवून घेतलंय. आउटी, बघतेस एकदा?"

"पुढच्या गुरुवारी बघू."

"बरं," म्हणाले आणि बशा विसळायला लागले.

शनिवारी दारासमोरचा बर्फ काढताना ते पडले, ते उठलेच नाहीत. मी पोचले तेव्हा त्यांना नेलं होतं. फावडं कुणीतरी नीट भिंतीला टेकवून ठेवलं होतं. मला रडू आलं नाही. मी फॉर्म भरले, शवपेटीचा रंग निवडला.

दोन आठवड्यांनी रैलीकडे गेले.

"वाचनालयाला त्याच्या आठवणीसाठी हाच दाखवायचाय," ती म्हणाली. "तू नको म्हणालीस तर पुसून टाकायचा. त्यानेच सांगून ठेवलंय."

तिच्या स्वयंपाकघरात आम्ही तो पाहिला. आईला कप धरवत नाही. मी तो तिच्या ओठांना लावते आहे. कॅमेरा हलत नाही, त्याच्या मागे बाबांचा श्वास ऐकू येतो. आई सरळ आमच्याकडे बघून म्हणते, "तौनो, ठेव ना ते आता. इकडे ये." बाबा जात नाहीत. चित्र चालू राहतं. ती पुन्हा हाक मारत नाही.

मला आठवत होतं तसंच होतं. त्यांनी त्यातलं काही कापलं नव्हतं.

"काय मग, पोरी?" रैलीने विचारलं. "हो की नाही?"

पडद्यावर आता काही नव्हतं. मी तिकडेच बघत म्हणाले, "बाबा, ती तुला बोलावत होती. तू जायला हवं होतंस. मला तुझा फार राग आला होता."

मग मी रैलीकडे वळले.

"दाखव," मी तिला म्हणाले. "आहे तसाच दाखव."