विहिरीत घेतलेलं नाव

'मी तुका रागान नाय धाडलंय गो. तुझ्याशिवाय जेवान गोड लागणा नाय.'

भर दुपारी तांदूळ निवडत होते आणि हे माझ्या डोक्यात उमटलं. कानांनी ऐकलं नाही हं. सरळ डोक्यात, आपलंच मन आपल्याशी बोलावं तसं. दचकून मी आमच्या ह्यांच्याकडे बघितलं. हे रजा काढून घरी, तोंडावर पेपर घेऊन घोरत पडलेले. आणि हे पडले साताऱ्याचे. 'गो' तर सोडाच, एकोणीस वर्षांत 'अगं'च्या पुढे गाडी गेली नव्हती. म्हणजे बोलणं माझ्यासाठी नव्हतं. जरा वाईटच वाटलं, खोटं कशाला सांगू?

बाहेर आले तर अख्खी चाळ गॅलरीत. शेजारची कमल लाजून लाल.

"वैनी, आमचे हे कामावरनं मनातल्या मनात बोलले माझ्याशी!"

"अगं, पण तुला कुठे धाडलंय त्याने?"

"ते पहिलं वाक्य राहू दे हो. दुसरं माझंच!"

त्या संध्याकाळी कमलच्या नवऱ्याला, शिवदासला, कोंबडीवडे मिळाले. का मिळाले, ते बिचाऱ्याला आजवर कळलेलं नाही.

मला मात्र कळलं. दत्तारामचं मशीन चाललं.

आमची चाळ घाटकोपरला, असल्फ्याच्या चढावर. दत्ताराम गिरणीत होता. संप झाला, गिरणी गेली, पाठोपाठ खोलीही गेली. बायकोला, मालनला, गावी मालवणला पाठवलं. हा आमच्या शेजारी चार गाववाल्यांच्या खोलीत पथारी टाकायचा आणि दिवसभर साकीनाक्याच्या एका गाळ्यात रेडिओ दुरुस्त करायचा. जायच्या दिवशी एसटीजवळ मालन रडायला लागली, तर हा तिच्यावर खेकसला, "गावातच बरी तू!" आतून तुटत होता म्हणून खेकसला. पण ते तिला कसं कळणार? एसटी सुटली. त्याला दोन वर्षं झाली होती.

"अरे, मग लिही की पत्रात," मी म्हटलं होतं.

"वाचणार कोण, वैनी? मालनला अक्षर येत नाय. काशीराम पोस्टमन घरापुढच्या खळ्यात उभा राहून मोठ्याने वाचतो. आई ऐकते, भावजया ऐकतात, पलीकडची म्हातारी कुंपणावरनं ऐकते. त्यात मी काय लिहू?"

"मग काय लिहितोस?"

"सर्व क्षेम. पावसाचं कळव. म्हशीचं कळव."

"वाट लागली तुझी."

"म्हणून तर मशीन करतोय."

मशीन म्हणजे काय, तर बिनकर्ण्याचा रेडिओ, नारळाच्या करवंटीत गुंडाळलेली तांब्याची तार, आणि पवईच्या मोठ्या कॉलेजच्या भंगारात सापडलेला एक दुधी काचेचा व्हॉल्व्ह. करवंटी टाळूवर बांधायची, डोळे मिटायचे आणि मनात बोलायचं. की थेट ऐकणाऱ्याच्या डोक्यात! मी हसले होते. तुम्हीही हसा. पण त्या मंगळवारी चाळीतल्या सतरा बायकांनी ऐकलं. त्यातल्या सोळा जणींनी शपथेवर सांगितलं की ते त्यांच्याच नवऱ्याचं बोलणं होतं.

संध्याकाळी दत्ताराम आला तो खाली मान घालून.

"वैनी, सगळ्यांनी ऐकलं म्हणे."

"सगळ्यांनी. पण तुझं आहे हे कोणाला माहीत नाही. मी बोलणार नाही."

"व्हॉल्व्ह फुटला. एकदाच चालला. तिच्यापर्यंत गेलं असेल ना हो?"

मी त्याला चहा दिला.

बारा दिवसांनी तो पत्र घेऊन दारात उभा.

"तुम्ही वाचा. मी चारदा वाचलं, पण मलाच माझा भरवसा वाटत नाय."

अक्षर काशीरामचं. सर्व क्षेम, म्हैस व्याली, पाऊस बरा. आणि खाली: 'सौ. मालन लिहिण्यास सांगते की, मंगळवारी दुपारी विहिरीवर असता तिला उचकी लागली. कोण आठवण काढतो म्हणून एकेक नाव घेतले. सासूचे घेतले, भावांचे घेतले, वारलेल्या वडिलांचेही घेतले. उचकी थांबेना. आता एकच नाव उरले, ते बायकोने घ्यायचे कसे? मग कोणी नाही असे बघून तिने विहिरीत वाकून ते घेतले. उचकी तत्काळ थांबली. हे लिहिण्याजोगे नाही, पण ती ऐकत नाही, म्हणून लिहिले आहे.'

मी पत्र घडी करून त्याच्या हातात दिलं.

"शब्द नाय पोचले, वैनी," तो म्हणाला. "नुसती उचकी पोचली."

"मेल्या, तिने अख्ख्या खळ्यादेखत तुला काय कळवलंय ते कळत नाही का? नाव घेतलं तुझं!"

त्याने पत्र शर्टाच्या आतल्या खिशात ठेवलं.

व्हॉल्व्हसाठी पवईला त्याने किती खेपा घातल्या! तसला दुसरा मिळाला नाही. खोलीचंही जमेना. पत्रं जात राहिली. सर्व क्षेम, पावसाचं कळव.

दिवाळी उलटून गेल्यावर एका दुपारी तो आमचा रेडिओ उघडून बसला होता. एकाएकी त्याला उचकी लागली. एक, दोन, मग थांबायचं नावच नाही. हातातला स्क्रूड्रायव्हर हलायला लागला. मी उठून पाण्याचा पेला आणला.

"घे. नाहीतर नाव घे कोणाचं तरी. थांबेल."

त्याने पेला हळूच बाजूला सारला. स्क्रूड्रायव्हर खाली ठेवला, भिंतीला टेकला आणि ओठ घट्ट मिटून, डोळे मिटून, उचक्या देत बसून राहिला.