चौकटीबाहेरचा आवाज

मित्रांनो, कपाटामागे इस्त्रीची फळी आणि फुटकी बादली यांच्यामध्ये एक मळकट खोके दिसते ना, तो मी. मी एक जुना संगणक आहे. बटण दाबल्यावर जागा व्हायला मला इतका वेळ लागतो, की माणसे तेवढ्यात चहा करून येतात.

या घरात आलो तेव्हा मला खिडकीजवळचे टेबल मिळाले होते. बाबांनी हौसेने कॅमेरा घेतला होता. त्यात टिपलेले व्हिडिओ ते माझ्यात उतरवत. सुरुवातीला मला ते दाखवताच येईनात. त्याचे असे आहे, की कॅमेरा चित्र आणि आवाज यांची घट्ट गाठोडी बांधतो, तीही आपल्याच भाषेत. ती सोडवायला संगणकात एक दुभाष्या बसवावा लागतो. त्याला कोडेक म्हणतात. चित्राचा दुभाष्या वेगळा, आवाजाचा वेगळा.

बाबांना धीर कसला तो नव्हता. मिळतील तेवढे कोडेक त्यांनी एकदम माझ्यात भरले. एका घरात दहा कारभारी! जो तो पुढे पुढे करू लागला आणि धाकटी लेक पडद्यावर हिरवीगार होऊन उलटी लटकली.

"अहो, पोरीचं वटवाघूळ केलंत की!" आई हसून बेजार झाली.

"थांब गं जरा. यातला शहाणा कोण ते शोधतोय."

मग बाबांनी चित्राचा एक नीट चालणारा कोडेक ठेवून बाकीचे एकेक करून काढून टाकले. कॅमेऱ्यासोबत आलेल्या तबकडीतला आवाजाचा कोडेक तेवढा बसवला आणि प्लेअरच्या सेटिंगमध्ये त्यालाच पहिला मान दिला. तेव्हा कुठे मला कंठ फुटला. त्यानंतर कित्येक वर्षे सुटीच्या दिवशी सारे घर माझ्यासमोर बसे.

बाबा नेहमी कॅमेऱ्यामागे. त्यामुळे ते एकाही चित्रात नाहीत. पण गप्प बसतील तर शपथ! "ए टिटवे, इकडे बघ! अगं, आधी नाक पूस." मग ते स्वतःच हसत आणि चित्र हलू लागे.

पुढे घरात नवी यंत्रे आली. माझ्यावर आधी धूळ बसली, मग जुनी चादर आली, मग मी कपाटामागे गेलो. यंदा बाबा गेले. मला ते कोणी सांगितले नाही. काही दिवस खुर्च्या सरकवल्याचे आवाज खूप येत होते, मग ते थांबले, एवढेच मला कळले.

त्यानंतर धाकटीच्या दादाने मला बाहेर ओढले, माझ्यातले सगळे व्हिडिओ नव्या संगणकावर उतरवले आणि माझी वायर गुंडाळली. "हा आता भंगारात," तो म्हणाला. धाकटी नव्या संगणकापुढे बसली.

"दादा, आवाज येत नाहीये."

"चित्र स्वच्छ दिसतंय ना? मग झालं की. तुझं बोबडं बोलणं ऐकायचंय होय आता?"

"माझं नाही रे. बाबांचं. चित्रात बाबा आहेत कुठे?"

दादाचे हसू मावळले. तो खुर्ची ओढून तिच्याशेजारी बसला. दोघांनी इंटरनेटवरून निरनिराळे कोडेक आणून बसवले, काढले, पुन्हा बसवले. तबकडीला तडा गेला होता. कॅमेरा बनवणारी कंपनी कधीच बंद पडली होती. नवा संगणक पुन्हा पुन्हा तेच सांगत होता : हा आवाज ओळखता येत नाही. पडद्यावर छोटी मुलगी चौकटीबाहेरच्या कोणाकडे तरी पाहून खदखदून हसत होती, आणि खोलीत आवाज मात्र कसलाच नव्हता.

शेवटी धाकटीने माझी गुंडाळलेली वायर सोडली.

मित्रांनो, मी घाबरलो होतो. माझ्यातला तो दुभाष्या जगला असेल का, हे माझे मलाच ठाऊक नव्हते. पंखा घरघरला. पडदा उजळला. तिने व्हिडिओ लावला.

"ए टिटवे, इकडे बघ!"

आई ओल्या हातांनी दारात येऊन उभी राहिली. व्हिडिओ संपला तरी कोणी हलले नाही.

"परत लाव," दादा म्हणाला.

दुसऱ्या दिवशी धाकटीने ते सगळे व्हिडिओ माझ्याकडूनच कोणत्याही यंत्राला कळेल अशा प्रकारात बदलून घेतले. माझे काम संपले आणि मी परत कपाटामागे आलो. आता बाबांचा आवाज पलीकडच्या खोलीतून, दुसऱ्याच संगणकातून येतो. माझ्याकडे कोणी फिरकत नाही. सोमवारी भंगारवाला येणार आहे. येऊ दे. मला ठेवून घ्या, असे मी म्हणणार नाही.

एवढेच करा मित्रांनो. जुने यंत्र टाकून देण्याआधी त्यातला प्रत्येक व्हिडिओ नव्यावर लावून बघा. नुसता बघू नका, ऐका. कॅमेरा धरणारे माणूस चित्रात कधीच नसते.