व्हरांड्यात बसवलेली मुलगी

विद्यापीठात शिकवणाऱ्या किसितूची नोकरी कराराची होती आणि तो करार दर दोन वर्षांनी रजिस्ट्रार ब्बाले यांच्या हातून जायचा. त्यामुळे ब्बालेंनी शपथपत्र पुढे सरकवलं आणि त्याने ते वाचलं, तेव्हा ते खोटं आहे हे कळूनही त्याने ते परत सरकवलं नाही.

नानकिंगा नावाच्या शेवटच्या वर्षाच्या मुलीला विद्यापीठाने कॉपीच्या आरोपावरून काढून टाकलं होतं. माझं म्हणणं न ऐकताच निर्णय दिला, असं म्हणत ती कंपालाच्या हायकोर्टात गेली. शपथपत्र म्हणत होतं की शिस्त समितीने तिला आत बोलावून सगळं ऐकून घेतलं. किसितू त्या समितीत होता. मुलगी बाहेर व्हरांड्यात बसून राहिली, आत चहा-समोसे झाले, निर्णय झाला आणि शिपायाने तिला घरी पाठवलं, हे त्याच्या डोळ्यांदेखत घडलं होतं.

"बाकी दोघांनी केल्यात सह्या," ब्बाले म्हणाले. "पोरांचे पेपर तरी इतक्या बारकाईने वाचता का, मास्तर?"

किसितूने सही केली.

कागद फायलीत पडेल आणि विषय संपेल, अशी त्याची समजूत होती. पण मुलीच्या वकील केमिरेम्बे यांनी उलटतपासणी मागितली, न्यायाधीशांनी ती मंजूर केली आणि बोलावणं आलं ते नेमकं किसितूलाच. त्या दिवसापासून त्याची झोप उडाली. खरं बोलावं तर नोकरी जाणार, खोटं रेटावं आणि उघडं पडावं तर तुरुंग. ताटातला कच्च्या केळ्यांचा मटोके तसाच निवायचा. दारात कुणाची बोडा, भाड्याची मोटरसायकल, थांबली तरी तो दचकायचा.

शेवटी त्याने बायकोला, नाब्बोसाला, सगळं सांगितलं. तिने ओरडून घर डोक्यावर घेतलं नाही. ती म्हणाली, "सान्युचे बाबा, मलाही भीती वाटतेय. पण उद्या आपल्या सान्युला कुणी असंच बाहेर बसवून ठेवलं तर?"

कोर्टात विद्यापीठाचे वकील निवांत बसले होते. ब्बाले मागच्या बाकावरून थेट त्याच्याकडे बघत होते. केमिरेम्बेबाईंनी आवाज चढवला नाही.

"डॉक्टर किसितू, मुलीचं सगळं ऐकून घेतलं म्हणता. मग काय म्हणाली ती?"

विद्यापीठाच्या वकिलांनी पढवलेलं उत्तर त्याला पाठ होतं. पण त्याने नानकिंगाकडे पाहिलं. ती दोन्ही हात मांड्यांखाली दाबून बसली होती. तीही आपल्याइतकीच घाबरलीय, हे त्याच्या लक्षात आलं.

"काही नाही," तो म्हणाला. "आम्ही तिला आत बोलावलंच नव्हतं."

न्यायाधीशांनी लेखणी खाली ठेवली. शपथपत्र खोटं असल्याचं कबूल करताय, याचा अर्थ कळतो ना, असं त्यांनी विचारलं. त्याने होकारार्थी मान हलवली.

कोर्टाने समितीचा निर्णय रद्द केला. नानकिंगाने कॉपी केली की नाही, हे ठरवणं कोर्टाचं काम नव्हतं. नवी समिती नेमा आणि यावेळी तिचं ऐका, असा हुकूम झाला. नव्या समितीने ऐकलं. आरोपाला पुरावा सापडला नाही आणि नानकिंगा पुन्हा परीक्षेला बसली.

हुकूम झाला त्या दिवशी कोर्टाच्या पायरीवर ती किसितूपाशी आली होती. त्याला वाटलं, आभार मानेल.

"इतके दिवस का नाही बोललात, सर?" तिने विचारलं.

"भीत होतो."

"मीही," ती म्हणाली आणि आईचा हात धरून निघून गेली.

किसितूचा करार वाढला नाही. मसाकाजवळच्या एका शाळेत तो आता गणित शिकवतो. खोट्या शपथेचा खटला त्याच्यावर अजून कुणी भरलेला नाही. पण भरणार नाही, असंही कुणी सांगितलेलं नाही. शाळेच्या फाटकापाशी पोलिसांची गाडी थांबली की फळ्यावरचा त्याचा खडू थबकतो. गाडी पुढे जाईपर्यंत मुलं त्याच्या पाठीकडे बघत राहतात.