एझ्राचं शेवटचं पडणं

मी आणि एझ्रा नऊ वर्षं जोडीनं काम करत होतो. आधी तंबूतल्या खेळांत, मग लॉस एंजेलिसला, दहा-दहा मिनिटांच्या मूक विनोदी चित्रपटांत. मी लाथ मारायची, त्यानं पडायचं. पडण्यात त्याचा हात धरणारा एडनडेलच्या अख्ख्या स्टुडिओवस्तीत कुणी नव्हता.

त्या सकाळी दुकानाच्या छपरावरून मी त्याला लाथेनं खाली पाडायचं होतं. खाली गवताच्या गाद्या होत्या. कॅमेरा फिरू लागला. एझ्रानं वाकून पाहिलं, वळला आणि ओरडला, "मायलो, थांब!"

घाबरण्याचं सोंग तो नेहमीच घ्यायचा. मी लाथ मारली.

गाद्या कुणीतरी हातभर सरकवल्या होत्या.

त्याचं कंबरेखालचं अंग गेलं. डायरेक्टर हॅव्हर्ली फुलं घेऊन हॉस्पिटलात आला आणि जाताना मला हळूच म्हणाला, "शॉट झकास आलाय रे. तोच ठेवतोय."

चित्रपट लागला तसा एझ्रा हट्टाला पेटला. "माझं काम मलाच बघू देणार नाहीस होय?"

"भाऊजी, नका नेऊ त्यांना," त्याची बायको नेल म्हणाली. तरी मी नेलं, चाकांची खुर्ची ढकलत.

थिएटरात पडद्याखाली पियानो दणक्यात वाजत होता. पडद्यावर एझ्रा वळला, त्याचं तोंड उघडलं. ओठांवरचं 'थांब' मला स्पष्ट दिसलं. लोक हसून लोटपोट झाले. शेजारची बाई डोळे पुसत म्हणाली, "मेल्याचं तोंड तर बघा!"

बाहेर उन्हात आल्यावर एझ्रानं विचारलं, "तुला ऐकू गेलं होतं?"

"गेलं होतं."

"मग?"

"वाटलं, गंमत करतोयस."

त्यानं खुर्चीचं चाक हातानं जरा पुढं ढकललं. मग म्हणाला, "हुबेहूब करत असणार मी."

पुढच्या महिन्यात नेल त्याला ओहायोला, तिच्या माहेरी घेऊन गेली. स्टेशनवर मी त्याला उचलून डब्यात बसवलं. त्यानं माझ्या गळ्यात हात टाकले, टाकावेच लागले.

नंतर लाथ मारायला माझा पाय उचलेना. मी स्टुडिओतल्या कपड्यांना इस्त्री करू लागलो.

पत्रं यायची ती नेलच्या हातची. शेवटी 'एझ्राचा नमस्कार' असायचा. तो त्यानं सांगितलेला असायचा की तिनंच घातलेला, हे मी कधी विचारलं नाही.