एकच रिंग

माझा स्वभाव मुळात उतावळा, त्यात नोकरी टेक सपोर्टची. फोन वाजला की हात आधी जातो, डोकं मागून येतं.

कॅलिफोर्नियात, फ्रीमाँटच्या आमच्या घरी अनयाला, माझ्या वर्षाच्या लेकीला, लूझ सांभाळते. ती फिलिपिन्समधल्या एका बेटावरची. त्या दिवशी तिकडे टायफून धडकला होता आणि तिची आई गावातल्या शाळेत आसऱ्याला गेली होती. वादळं त्यांच्याकडे दरवर्षीचीच, म्हणून घरात सगळं ठरलेलं. छपराला दोर बांधायचे, भात शिजवून ठेवायचा, कागदपत्रं आणि फोन प्लॅस्टिकमध्ये. वीज जाते, तेव्हा बॅटरी जपायची. आईने एक रिंग देऊन कट केलं, तर सगळे सुखरूप. वाजतच राहिला, तर उचलायचा, बातमी वाईट.

हे लूझने मला सकाळीच सांगितलं होतं. सकाळीच!

दुपारी चारला ती अनयाला आंघोळ घालत होती. तिचा फोन किचनच्या ओट्यावर, मी शेजारी लॅपटॉप घेऊन. तो वाजला आणि माझा हात गेला. पहिली रिंग पुरी व्हायच्या आत मी "हॅलो, हॅलो!" म्हणून ओरडलेसुद्धा. पलीकडे नुसता वारा. मग कट. नागपूरला अख्खं कॉलेज मिस्ड कॉलवर काढलेली मी!

लूझ अनयाला टॉवेलात गुंडाळून ओल्या हातांनी धावत आली. "किती वेळा वाजला, मॅम?"

"मी... उचलला गं."

तो कट होणार होता की वाजत राहणार होता, देव जाणे. तिने परत लावून पाहिला, बंद. मला वाटलं, हिने मला चार शिव्या तरी घालाव्यात. ती "इट्स ओके" म्हणाली आणि अनयाला पुसायला घेऊन गेली. मला स्वतःच्याच थोबाडीत मारून घ्यावंसं वाटलं.

सहा वाजता फोन पुन्हा वाजला. आम्ही दोघी ओट्यापाशीच उभ्या होतो. मी हात पाठीमागे घट्ट धरले. एक रिंग. कट कर, कट कर गं बाई! दुसरी. तिसरी. लूझने छातीवर क्रूसाची खूण केली आणि उचलला.

तिच्या भाषेतलं मला काही कळेना. एकदम ती रडायलाच लागली.

"लूझ, आई बरी आहे ना?"

"बरी आहे," ती डोळे पुसत म्हणाली. "मघाशी दुसऱ्याच बाईचं ओरडणं ऐकून घाबरली. शाळेत रेंज नाही, म्हणून कंबरभर पाण्यातून पुन्हा टेकडीवर चढून आलीय. विचारतेय, मलाच काही झालं का?"