तिसऱ्या अंकानंतरची हाक

सन दोन हजार तेवीस, आणि माझं वय एकोणऐंशी. पौषातली तिरपी उन्हं रायपूरजवळच्या आमच्या हुडको वसाहतीच्या भिंतींवरून खाली उतरू लागली की शेजारच्या घरातून एक बारीक तडतड ऐकू यायची. तापल्या कढईत पहिल्या लाह्या फुटाव्यात तशी. ती रेकॉर्डवर टेकलेली सुई असे. तडतडीमागून क्षणभराची नि:शब्दता, आणि मग भुईच्या पोटातून वर यावेत तसे जाड तारांचे खोल, काळोखी स्वर. आजही डोळे मिटले की बाई मला आधी दिसत नाहीत, आधी ऐकू येतात. मग दिसतो तो चंदेरी अंबाडा, खांद्यावरची राखी शाल, आणि हवेत अधांतरी उचललेला, निळ्या शिरांचा उजवा हात.

गल्लीत सगळे त्यांना 'साहेबांच्या बाई' म्हणत. साहेब पोलादाच्या कारखान्यात मोठ्या हुद्द्यावर होते, नागपूरकडचे. मी त्याच कारखान्यात भट्टीवरचा. माझी शाळा चौथीपर्यंत. पुढचं शिक्षण भंडाऱ्याकडच्या आमच्या गावच्या दंडारीत झालं; दंडार म्हणजे आमच्या मुलखातलं गाण्यानं बोलणारं नाटक. तिथे मी राजा व्हायचो, म्हणून जड शब्दांचं मला भय नाही. जन्म भट्टीपुढे गेला तरी ते राजेपण उतरलं नाही, आणि सून म्हणते, बाबूजी, यही तो आपकी बीमारी है.

त्या घरी मी पहिल्यांदा गेलो तो भांडायला. भर दुपारी बाईमाणसाचा एवढा आर्त आक्रोश, आणि दार मात्र लोटलेलं! मी फाटकातूनच ओरडलो, "कोण मेलं, बाई? इतकं रडून राहिलं कोण?"

बाई दारात आल्या. हसल्या नाहीत, चिडल्याही नाहीत. म्हणाल्या, "या आत, श्रावणभाऊ. अजून कोणी मेलं नाही. ती तिसऱ्या अंकात मरेल."

असा मी ऑपेराच्या उंबऱ्यावर गेलो. साहेब तरुणपणी ट्रेनिंगला परदेशी गेले होते, तिथून त्यांनी कपड्यांऐवजी पेटीभर तबकड्या आणल्या होत्या. त्या पेटीत दूरदेशीचे थोर संगीतकार एकमेकांना खेटून, धूळ खात, श्वास रोखून उभे होते. मी ऐकलं आणि म्हणालो, "ही तर आमची दंडार आहे. फक्त ढोलकी चोरीले गेली."

"ढोलकी आहे हो," बाई म्हणाल्या, "पण ती छातीत वाजते. शब्दांच्या मागे धावू नका. मलासुद्धा ते शब्द येत नाहीत. वरची माणसं काय गातात ते सोडा, खाली वाजंत्री काय जाणते तिकडे कान द्या."

ऑपेराची एवढीच किल्ली त्यांनी मला दिली, आणि ती माझ्या आडमुठ्या कुलपाला लागली. रंगमंचावर लग्नाची गाणी चाललेली असतात, पेले एकमेकांवर आपटतात, वधू स्वरांच्या पायऱ्या पैंजण वाजवीत चढते. आणि त्या सगळ्या लखलखाटाखाली जाड तारांचं एखादं वाद्य दोनच स्वर पुन्हा पुन्हा म्हणत बसतं, आंधळ्या म्हाताऱ्यानं अंगणात बसून घुबडाची हाक मोजावी तसं. वरच्यांना ते ऐकू येत नाही. आपल्याला येतं. म्हणून तर ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा येतो: ज्याचं मरण आहे तो हसतोय, आणि ज्याचं नाही त्याला आधीच कळलंय.

हळूहळू एकेका संगीतकाराची ओळख पटू लागली. इटलीचा एक होता, त्याची माणसं धानाच्या बांधावरून पलीकडच्या बांधाला साद घालावी तशी गात. काळीज उघडं टाकून, कुणाची भीड न बाळगता. ऑस्ट्रियाकडचा एक होता, तो हसता हसता डोळ्यांत पाणी आणी, आणि पाणी आलं की लगेच गुदगुल्या करी. त्याची मला भीतीच वाटे. रशियाचा एक होता, त्याच्या गाण्यात माणसापेक्षा जमाव मोठा आणि जमावापेक्षा घंटा मोठी. आणि जर्मनीचा तो एक! त्याला थांबणं ठाऊक नव्हतं. माझ्या भट्टीसारखा, एकदा पेटला की वर्षानुवर्षं विझायचा नाही. "याले घरीदारी काही काम नव्हतं काय?" मी विचारलं, तेव्हा बाई तोंडाला पदर लावून इतक्या हसल्या की त्यांना धाप लागली. ती धाप मी तेव्हा हसण्याच्या खात्यावर टाकली.

मला एक खोड होती. गाणं चढत चढत टोकाला पोचलं, वाद्यं एकदम गप्प झाली, की दंडारीच्या सवयीनं मी टाळी ठोकायचो. बाईंचा हात तत्क्षणी वर जाई. तळवा माझ्याकडे, बोटं किंचित विलग, वाऱ्यात थांबलेल्या पिंपळपानासारखी. "अजून नाही, श्रावणभाऊ." आणि खरंच, त्या नि:शब्दतेच्या तळातून एखादा क्षीण स्वर पुन्हा डोकं वर काढी. पुढे पुढे त्या बोलायच्याही नाहीत. नुसता हात. ऋतू कूस बदलतो तेव्हा झाडं असाच हात करत असतील, असं मला वाटे.

त्यांची सर्वांत आवडती गोष्ट एका पहारेकऱ्याच्या लेकीची होती. ज्याच्याशी लग्न ठरलं तो लढाईवर जातो. ती रोज संध्याकाळी वेशीवर कंदील लावून त्याची वाट पाहते. दुसऱ्या अंकाच्या शेवटी तो मेल्याची खोटी बातमी येते, आणि ती तरीही कंदील लावते. इथवर आलं की बाई उठून सुई उचलत, तबकडी फडक्यात गुंडाळत. तिसरा अंक साहेब गेल्यापासून त्यांनी लावलाच नव्हता. साहेबांना तोच अंक प्राणप्रिय होता, म्हणे.

"अर्ध्यावर काहून सोडता?" मी चिडून विचारलं. "शेवट पाहिल्याशिवाय उठणं आमच्यात अपशकुन समजतात."

तेव्हा मी त्यांना आमच्या गावचा नेम सांगितला. दंडारीत ज्यानं मेल्याचं सोंग घेतलं, त्याला खेळ संपल्यावर खऱ्या नावानं तीनदा हाक मारायची. त्यानं 'ओ' दिल्याशिवाय तोंडावरचा रंग पुसू द्यायचा नाही. एका वर्षी घाईगर्दीत ही हाक राहून गेली, आणि तो गडी पुढं वर्षभर आपल्याच घरात पाहुण्यासारखा वावरला. बायकोनं ताट वाढलं तर ते कुणाचं आहे असं विचारी.

बाईंनी फडक्यातली तबकडी पेटीत ठेवली. मग म्हणाल्या, "तिकडेही असंच आहे. पडदा पडतो, पुन्हा वर जातो, आणि मेलेली बाई हसत पुढे येऊन लोकांना वाकून नमस्कार करते. साहेबांनी डोळ्यांनी पाहिलेलं." पेटीचं झाकण लावत म्हणाल्या, "पण तबकडीत तसं नसतं, श्रावणभाऊ. तबकडीत कुणी उठत नाही. सुई नुसती फिरत राहते."

तेव्हा मला कळलं की त्यांना भीती मरणाची नव्हती, त्या फिरत राहणाऱ्या सुईची होती.

माघ सरला. पळसांनी कोहका गावाच्या बाजूला निखारे मांडले, आणि बाईंच्या चेहऱ्यावरची रया मात्र राखेसारखी उडत गेली. गाणं थांबलं की त्यांच्या श्वासाचा आवाज ऐकू येई; आधी नव्हता तो. वर त्या जावयाचे किस्से सांगत, माझ्या टोपीची थट्टा करत, आणि खाली त्यांच्या छातीत ते दोन स्वर कुणीतरी पुन्हा पुन्हा घोटत बसलेलं. मी ते ऐकलं. आणि तोंड फिरवून चहा प्यायलो.

पुण्याहून लेक आली, रोहिणी. हृदयाची झडप खराब, रायपूरला ऑपरेशन, ताबडतोब. लेक हिंदी-मराठीत डॉक्टरांशी फोनवर बोलत घरभर फिरत होती, आणि बाई शांतपणे पेटीतल्या तबकड्या पुसत होत्या. निघायच्या आदल्या संध्याकाळी त्यांनी मला बोलावणं धाडलं.

"आज तिसरा अंक," त्या म्हणाल्या.

"ऑपरेशनहून या, मंग लावू," मी म्हणालो. "घाई काय आहे?"

"तुम्हीच म्हणालात ना, अर्ध्यावरून उठणं अपशकुन असतो?"

माझंच अस्त्र. मी बसलो.

लाह्या फुटल्या. काळोखी स्वर आले. तो लढाईवरून परततो, पण तोवर ती अंथरुणाला खिळलेली, त्याला ओळखत नाही. परका वाटसरू समजून त्याला सांगते, वेशीवर कंदील आहे, उजेडा-उजेडानं जा, बाबा. एवढंच. आणि तिचा आवाज बारीक होत होत सुताचा झाला, सुताचा कोळ्याच्या तंतूचा झाला. त्याच वेळी कारखान्याकडे लोखंडाची वितळलेली मळी ओतली गेली असावी; अवघं पश्चिम आभाळ कुंकू सांडल्यासारखं पेटलं, आणि तो तांबडा उजेड बाईंच्या मिटल्या पापण्यांवर येऊन बसला. मी भट्टीवर जन्म काढला, पण त्या उजेडाचं भय मला त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं.

गाणं संपलं. सुई फिरत राहिली. खर्र... खर्र... बाई डोळे मिटून निश्चल. रोहिणी आतल्या खोलीत बॅग भरत होती. मला हाक मारायची होती. नाव मला ठाऊक होतं. वत्सला. साहेब हयात होते तेव्हा भिंतीपलीकडून त्यांच्या तोंडून ते नाव किती वर्षं ऐकलेलं. ते गेल्यापासून त्या नावानं त्यांना हाक मारणारं या जगात कुणी उरलं नव्हतं. लेकीची ती आई, गल्लीची साहेबांच्या बाई. नाव ओठांपर्यंत आलं आणि माझ्या राजेपणानं ते गिळून टाकलं.

बाईंनी डोळे उघडले. "काय हो, तुमच्या नेमाचं काय झालं? हाक नाही मारलीत?"

"नेम सोंगाले आहे," मी ताठपणे म्हणालो. "परक्या बाईले नावानं हाकारू काय? लोक काय म्हणतील?"

"खरंच की," त्या म्हणाल्या. "आणि मी कुठे मेलेय!" त्या हसल्या, उठल्या, सुई उचलली. फडकं मात्र त्या दिवशी गुंडाळलं नाही. तबकडी तशीच उघडी राहिली.

बाई रायपूरहून परत आल्या नाहीत. घराला कुलूप आहे, फाटकावर साहेबांच्या नावाची पाटी आहे, आणि तिरपी उन्हं अजूनही नेमानं त्या भिंतीवरून उतरतात, कुणी ऐकणारं नसलं तरी. पण हे सगळं नंतरचं. त्याआधी एक सकाळ होती, त्या तिसऱ्या अंकाच्या दुसऱ्याच दिवशीची, आणि मला सांगायचं आहे ते तेवढंच.

उजाडताच गाडी फाटकाशी लागली. बाई मागच्या सीटवर, काच वर, शालीत एवढ्याशा झालेल्या. दूधवाला, समोरचे मिश्राजी, माझी सून, अर्धी गल्ली उभी. ड्रायव्हरनं गाडी सुरू केली, आणि मी पायांत चप्पल न घालता रस्त्याच्या मधोमध येऊन दंडारीतल्या राजाच्या आवाजात ओरडलो, "वत्सला!"

सगळे वळले. सून दबक्या आवाजात म्हणाली, "बाबूजी, क्या कर रहे हो? घर चलो."

"वत्सला!"

मिश्राजींनी मान खाली घातली. पुढच्या सीटवरून रोहिणी माझ्याकडे डोळे विस्फारून पाहत राहिली; आईचं नाव तिनं जणू प्रथमच ऐकलं होतं. गाडी चालू लागली होती.

"वत्सला!"

मागची काच खाली आली. 'ओ' आला नाही. आला तो हात. निळ्या शिरांचा, तळवा माझ्याकडे, बोटं किंचित विलग, वाऱ्यात थांबलेल्या पिंपळपानासारखी. अजून नाही, श्रावणभाऊ. गाडी वळणाशी जाऊन रायपूरच्या रस्त्याला लागेपर्यंत तो हात तसाच बाहेर होता. मी टाळी वाजवली नाही. मी सुनेला म्हणालो, चहा ठेव. आणि तिथेच उभा राहिलो, कारण जोवर 'ओ' येत नाही तोवर रंग पुसायचा नसतो, आणि काळानं कितीही घाई केली तरी आठवण म्हणजे दुसरं काय, न आलेल्या उत्तरासाठी चेहऱ्यावर राखून ठेवलेला रंगच.