मास्तरांची चिठ्ठी

गोविंदराव मास्तर, म्हणजे माझे सासरे, गंजिफाच्या जुन्या पानांच्या बाबतीत त्यांचा शब्द शेवटचा. गंजिफा म्हणजे हातानं रंगवलेली, बांगडीत मावतील एवढी गोल पानं, पूर्वीच्या लोकांचा पत्त्यांचा खेळ. हैदराबाद, पुण्याहून शौकीन आमच्या परभणीच्या घरी पानं घेऊन यायचे. मास्तर बघायचे आणि चिठ्ठी द्यायचे, ‘अस्सल’ नाहीतर ‘नवं’, खाली सही. पैसा घ्यायचे नाहीत, भीडही ठेवायचे नाहीत.

शेवटची सात वर्षं त्यांना दिसत नव्हतं. काचबिंदू. गावाला वाटायचं, नजर जरा अधू झालीय. पाहुणा बैठकीत चहा प्यायचा, मास्तर ‘भिंगाखाली बघतो’ म्हणून आत यायचे आणि पान माझ्या हातात द्यायचे. मी बघायचे, मी लिहायचे, ते सही तेवढी करायचे. त्यांनीच मला तयार केलं होतं, चुकले की कान उपटून. पण हे बाहेर कळू द्यायचं नाही, असा त्यांचा हट्ट होता. माणूस मोठा होता, मानाचा भुकेलाही होता. यंदा उन्हाळ्यात ते गेले. त्यांच्यामागं शंतनुनं, माझ्या नवऱ्यानं, तोच हट्ट चालवला. बाबांचं नाव जपायचं, तू गप राहा.

पाथरीच्या दिनकररावांनी मास्तरांच्या नावानं संग्रहालय काढलं. उद्घाटनाला आम्ही गेलो, तर दारातच काचेच्या पेटीत दशावतारी गंजिफातलं नरसिंहाचं राजाचं पान, शेजारी चिठ्ठी. ‘अस्सल’, सही मास्तरांची, तारीख गेल्या दिवाळीची. ती चिठ्ठी मी लिहिलेली नव्हती. पान तर ढळढळीत नवं होतं. शंतनुला सांगितलं, तर तो म्हणाला, इमारतीवर बाबांचं नाव आहे, आज तोंड उघडू नकोस. म्हणजे खोट्या पानावर मास्तरांची सही कायमची राहणार आणि मी टाळ्या वाजवणार.

मला मंचावर बोलावलं. दिनकररावांनी शाल पुढं केली. मी ती घेतली नाही, माईक घेतला.

“दारातल्या पेटीतलं पान नवं आहे,” मी म्हणाले. “खेळून झिजलेलं पान कडेला झिजतं. हे चित्रावर घासलंय, कडा मात्र कोऱ्या आहेत. आणि ती चिठ्ठी मास्तरांची नाही. सात वर्षं त्यांना दिसत नव्हतं. सगळ्या चिठ्ठ्या मी लिहिल्या, ही मी लिहिलेली नाही.”

मांडवात कुजबुज सुरू झाली. शंतनु खाली मान घालून बसला. दिनकरराव हसले. ते म्हणाले, वहिनींना दुःखानं काही सुचत नाही. आणि हे खरं धरलं, तर सात वर्षांच्या सगळ्याच चिठ्ठ्या रद्दी झाल्या.

माझं डोकं फिरलं.

“आणा सगळ्या,” मी म्हणाले. “एकेक पान इथं सगळ्यांपुढं तपासते. एक जरी चुकलं, तर इमारतीवरचं नाव मी स्वतः उतरवीन.”

मग चारठाण्याचे म्हातारे व्यंकटराव काठी टेकत पुढं आले. त्यांचा मास्तरांशी अबोला होता, मास्तरांच्या मातीलाही ते आले नव्हते.

“माज्या आज्याच्या पानाला पाच वर्षांमागं नवं म्हणलं, ते तुमीच का?”

“मीच.”

“मंग आमी उगंच मास्तरावर राग धरून बसलो.” त्यांनी बंडीच्या खिशातून रुमाल काढला आणि त्याची गाठ सोडली. “हे दुसरं हाय. आपल्या पोखर्णीच्या देवाचं, नरसिंहाचंच हाय. लय जपलंय. सांगा आता.”

मी पान उन्हात धरलं. कडेवरून अंगठा फिरवला. अख्खा मांडव बघत होता, आणि या एकाच माणसाला माझी बाजू घ्यायची इच्छा होती, हे मला कळत होतं.

“हेही नवंच आहे, काका.”

व्यंकटरावांचं तोंड पडलं. पान रुमालात बांधायला त्यांना बराच वेळ लागला. मग त्यांनी हात पुढं केला.

“चिठ्ठी द्या. आन सही तुमच्या नावाची करा.”